ओनामा आणि शित्तान : जपानी भाषेच्या अध्ययनाची एक मराठी बाजू

झाशीच्या जुन्या तटबंदीचा एक दरवाजा खंडेराव गेट या नावाने ओळखला जातो. नावाचा पूर्वार्ध कानी पडताच मराठी माणसाला जेजुरी आठवते. उत्तरार्ध इंग्रजी अमदानीने मागे ठेवलेला आहे. छत्रसालाने बुंदेलखंडातील आपल्या राज्याचा वाटा पहिल्या बाजीरावाला दिला, नारोशंकरांनी १७४२ नंतर किल्ला वाढवून गावाला बरकत आणली, पुढे नेवाळकरांचा अंमल झाला आणि १८५४ मध्ये संस्थान खालसा झाले. १८५८ च्या वेढ्यात सापडलेल्या गोडसे भटजींच्या प्रवासवर्णनामुळे हे शहर मराठी गद्याच्या इतिहासातही कायमचे येऊन बसले आहे. अशा गावातल्या मराठी घरात भाषा एकीवर एक रचलेल्या असतात. घरात मराठी, रस्त्यावर बुंदेली, शाळेत हिंदी, कचेरीत इंग्रजी. एकाच वास्तूला वेस म्हणावे, दरवाजा म्हणावे, द्वार म्हणावे की गेट म्हणावे, हे बोलणारा प्रसंग पाहून ठरवितो आणि आपण चार वेगवेगळ्या कुळांचे शब्द वापरीत आहो याची त्याला जाणीवही नसते.

जपानी भाषेची घडण समजून घ्यावयाची तर तिचा आरंभ या दरवाजापासून करता येईल. जपानीतही दरवाजाला ‘कादो’ हा देशी शब्द आहे, ‘मोन’ हा चिनीतून आलेला आहे आणि ‘गेएतो’ हा इंग्रजीतून घेतलेला आहे. त्यांतले पहिले दोन शब्द एकाच चिनी चित्राक्षराने लिहिले जातात. मराठीत ‘द्वार’ असे लिहून प्रसंगाप्रमाणे कधी ‘द्वार’ व कधी ‘वेस’ असे वाचण्याचा प्रघात असता, तर जपानी लेखनाची काहीशी कल्पना येऊ शकली असती. तिसरा शब्द मात्र काताकाना या ध्वनिलिपीत लिहितात, आणि परकीय नावेही तिच्यातच लिहितात. खंडेराव गेट हे नाव तीत उतरविले तर ‘कान्देराओ गेएतो’ असे काहीतरी होईल. जपानीत महाप्राण नाहीत, म्हणून ‘ख’चा ‘का’ झाला. मूर्धन्य व्यंजने नाहीत, म्हणून ‘ण्ड’ दंत्य झाला. शेवटचे व्यंजन उघडे राहू शकत नाही, म्हणून ‘ट’ला स्वराचा टेकू द्यावा लागला. येथवर सारे परकेच वाटेल. परंतु हे नाव जपानी कोशात शोधावयाचे झाले, तर ते ‘का’खाली सापडेल, आणि ‘का’ हा स्वरांनंतरचा पहिलाच वर्ग आहे. मराठी मुलाला हा क्रम पाठ असतो.

जपानी भाषेच्या अध्ययनाचा इतिहास मराठीत बहुधा इंग्रजीच्या द्वारे येतो, आणि त्या वाटेने येताना त्यातल्या दोन गोष्टी हटकून गळतात. पहिली ही की जपान्यांनी स्वतःच्या भाषेचे जे शास्त्र उभारले, त्याच्या पायाशी भारतीय वर्णमाला आहे. दुसरी ही की जपानीचे पहिले युरोपीय अध्ययन गोव्याच्या किनाऱ्यावर सुरू झाले, जेथे त्याच शतकाच्या अखेरीपासून मराठी-कोकणीच्या अध्ययनाचाही पाया घातला जात होता. या दोन्ही गोष्टी मराठी अभ्यासकाच्या अंगणातल्या आहेत.

जपानी भाषेला स्वतःची लिपी नव्हती. चिनी अक्षरे आली, पण चिनी भाषेला प्रत्यय नाहीत आणि जपानी तर प्रत्ययांवाचून एक पाऊल टाकीत नाही. तेव्हा अर्थ सोडून केवळ उच्चारासाठी चिनी अक्षरे वापरण्याची युक्ती निघाली. आठव्या शतकातील ‘मान्योशू’ या काव्यसंग्रहात ती पूर्ण विस्ताराने दिसते. ही अक्षरे भरभर लिहिता लिहिता झिजली आणि त्यांतून हिरागाना झाली. बौद्ध भिक्षूंनी पोथ्यांच्या ओळींमध्ये टिपणे करताना अक्षराचा एखादाच अवयव घेतला आणि त्यातून काताकाना झाली. मोडी लिपीचा संस्कार असलेल्या वाचकाला यातील पहिली क्रिया नवी वाटू नये. लेखणी न उचलता लिहिण्याच्या घाईतून अक्षराला जे वळण येते, तेच कालांतराने अक्षराचे रूप ठरते. साम्य मात्र इथेच संपते, कारण मोडीच्या मागे बाळबोधीची वर्णव्यवस्था उभी होती. कानाच्या मागे आरंभी कोणतीच व्यवस्था नव्हती. मुलांना ती शिकविण्यासाठी प्रत्येक अक्षर एकदाच येईल असे एक पद्य रचले गेले, आणि त्याच्या आद्याक्षरांवरून त्या क्रमाला ‘इरोहा’ म्हणू लागले. पद्य सुंदर असले, तरी त्याच्या क्रमात ध्वनींचा विचार नाही.

तो विचार आला बौद्ध मठांतून. ७३६ मध्ये बोधिसेन हा भारतीय भिक्षू जपानात पोहोचला आणि ७५२ मध्ये नारा येथील महाबुद्धाच्या नेत्रोन्मीलनाचा विधी त्याच्या हातून झाला. ८०४ मध्ये चीनला गेलेला कूकाइ ८०६ मध्ये परतला तो सिद्धम् लिपीतील ग्रंथ घेऊन. मंत्र आणि धारणी यांचा उच्चार अचूक हवा, आणि चिनी अक्षरांत तो अचूक राहत नाही, म्हणून मूळ लिपी शिकणे भाग पडले. या विद्येला जपानीत ‘शित्तान’ म्हणतात. हा शब्द ‘सिद्धम्’चाच अवतार होय. वर्णमालेच्या शिरोभागी मंगलासाठी लिहिल्या जाणाऱ्या शब्दावरून लिपीला नाव पडले. महाराष्ट्रातील पंतोजींच्या शाळेत धुळाक्षरांच्या आरंभी ‘ओ नामा सीधं’ म्हणविले जाई. ते ‘ॐ नमः सिद्धम्’चे मुलांच्या तोंडी झालेले रूप आहे आणि त्यावरूनच मराठीत ‘ओनामा’ हा आरंभवाचक शब्द आला. मराठी बालकाचा ओनामा आणि जपानी भिक्षूचे शित्तान ही एकाच मंगलाचरणाची दोन टोके आहेत. होर्यूजी मठात शतकानुशतके जपलेल्या आणि आता तोक्योच्या राष्ट्रीय संग्रहालयात असलेल्या ताडपत्रांवरही धारणीच्या शेवटी वर्णमाला लिहिलेली आहे. १८८४ मध्ये ती ताडपत्रे मॅक्स म्युलर आणि नान्जो बुन्यू यांनी प्रसिद्ध केली, तेव्हा त्यांच्या लिपीची चिकित्सा केली गेऑर्ग ब्यूलर याने, ज्याची उमेदीची वर्षे मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजात गेली होती.

शित्तानचा अभ्यास करणाऱ्या भिक्षूंनी अकराव्या शतकापासून आपल्या भाषेतील ध्वनीही त्याच चौकटीत मांडून पाहिले. त्यातून ‘पन्नास ध्वनींचा तक्ता’ तयार झाला आणि पुढे त्याचा क्रम स्थिर झाला : आ, इ, उ, ए, ओ हे स्वर, मग का, सा, ता, ना, हा, मा, या, रा, वा हे वर्ग. मराठी वाचक यावरून नजर फिरवील तर दोन ठिकाणी अडखळेल. कंठ्य ‘क’नंतर तालव्य ‘च’ यावयास हवा, तेथे ‘सा’ आहे; दंत्य ‘त’ व ‘न’ यांच्यानंतर ओष्ठ्य ‘प’ यावयास हवा, तेथे ‘हा’ बसला आहे. बाकीचा क्रम, अगदी य, र, व या अंतःस्थांपर्यंत, आपल्याच मुळाक्षरांचा आहे. मग ही दोन घरे चुकली कशी?

ती चुकलेली नाहीत. तक्ता करणाऱ्यांनी ध्वनी ऐकूनच तो केला. पुढे बदलली ती भाषा. ‘सा’चा जुना उच्चार ‘च’ किंवा ‘त्स’ याच्या जवळचा असावा, असे अनेक अभ्यासक मानतात, जरी त्याच्या नेमक्या स्वरूपाविषयी मतभेद आहेत. ‘हा’विषयी मात्र शंकेला फारशी जागा नाही. हा वर्ग मुळात ‘पा’ होता. ओठ सैल होत त्याचा ‘फा’ झाला, आणि ओठांचा स्पर्शच नाहीसा होऊन शेवटी ‘हा’ उरला. देशाच्या नावातच याची खूण आहे. ‘निहोन’ व ‘निप्पोन’ ही दोन्ही रूपे आज चालतात. जेथे व्यंजन द्वित्त झाले, तेथे ‘प’ टिकला. १५१६ मध्ये सम्राट गो-नाराच्या नावे संकलित झालेल्या कोड्यांत एक कोडे असे आहे, की आईसाठी दोनदा भेटते पण वडिलांसाठी एकदाही भेटत नाही ते काय? उत्तर आहे, ओठ. आईला ‘हाहा’ म्हणतात. आजच्या उच्चारात ओठ एकदाही मिळत नाहीत आणि कोडे निरर्थक ठरते. ‘फाफा’ म्हटले की ते सुटते. म्हणजे जपानी ‘हा’ ज्या घरात बसला आहे, ते घर त्याचे जुने घर आहे, आणि ते राखून ठेवले आहे भारतीय वर्णक्रमाने. परभाषेची मोजपट्टी लावल्याने भाषेचे रूप विकृत होते असे सर्रास म्हटले जाते. येथे मात्र परक्या मोजपट्टीनेच भाषेचा हरवलेला उच्चार जपून ठेवला आहे.

जपानी भाषाशास्त्राचे जे दोन महापुरुष मानले जातात, तेही याच वाटेवर भेटतात. केइचू (१६४०–१७०१) हा शिंगोन पंथाचा भिक्षू, म्हणून शित्तानमध्ये मुरलेला. जुन्या काव्याचे भाष्य करताना त्याला दिसून आले, की त्याच्या काळी एकसारखे उच्चारले जाणारे शब्द जुन्या ग्रंथांत वेगवेगळ्या अक्षरांनी आणि तेही नियमाने लिहिलेले आहेत. १६९५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात त्याने या शुद्धलेखनाची पुनःस्थापना केली. मोतोओरि नोरिनागा (१७३०–१८०१) याने १७७६ मध्ये दाखवून दिले, की तक्त्यात ‘ओ’ आणि ‘वो’ या अक्षरांची शतकानुशतके अदलाबदल झाली होती. या नोरिनागाचे जीवितकार्य म्हणजे ‘कोजिकि’ या प्राचीन ग्रंथावरील ४४ खंडांचे भाष्य. चिनी विचारांचा पुट खरवडून शुद्ध जपानी वाणी उघडी करावी, ही त्याची प्रतिज्ञा. परकीय ते सारे त्याज्य ठरविणाऱ्या या पंडिताला आपल्या वाणीची दुरुस्ती करण्यासाठी जो तक्ता हाताशी घ्यावा लागला, तो मूळचा भारतीय होता. इतिहासाला अशा विसंगतींची खंत नसते.

आता गोव्याकडे वळावयाचे. कागोशिमाचा अंजिरो हा मनुष्यवधाच्या आरोपातून पळालेला गृहस्थ मलाक्केत फ्रान्सिस झेवियरला भेटला आणि १५४८ मध्ये गोव्यास आला. मे महिन्यात त्याचा बाप्तिस्मा झाला, सेंट पॉल कॉलेजात तो पोर्तुगीज शिकला, आणि जपानी लिपीचा नमुना त्याच्याकडूनच युरोपला गेला. तुम्ही आमच्यासारखे आडवे का लिहीत नाही, असे झेवियरने त्याला विचारले. त्यावर अंजिरोने उलट विचारले, की तुम्हीच आमच्यासारखे का लिहीत नाही? माणसाचे डोके वर आणि पाय खाली असतात, तेव्हा लिहावेही वरून खालीच. १५४९ च्या जानेवारीत कोचीनहून लिहिलेल्या पत्रात झेवियरने हे नमूद केले आहे. जपानीच्या युरोपीय अध्ययनाचा हा ओनामा, आणि त्यात शिष्याने गुरूला निरुत्तर केले आहे.

पण अंजिरो विद्वान नव्हता, आणि अनुवादाच्या इतिहासात त्याची एक चूक प्रसिद्ध आहे. ईश्वरासाठी त्याने ‘दाइनिचि’ हा शब्द सुचविला. दाइनिचि म्हणजे महावैरोचन, शिंगोन पंथाचा आराध्य बुद्ध. झेवियर त्या नावाने उपदेश करीत राहिला आणि शिंगोन भिक्षू आनंदाने माना डोलवीत राहिले. अर्थ उमगला तेव्हा शब्द मागे घ्यावा लागला आणि लॅटिन ‘देउस’ तसाच ठेवण्यात आला. इकडे गोव्यात फादर थॉमस स्टीफन्स याने उलट वाट धरली. १५७९ मध्ये आलेल्या या इंग्रज जेझुइटाने १६१६ च्या क्रिस्तपुराणात परमेश्वर, वैकुंठ हे शब्द निःशंकपणे घेतले आणि छंद घेतला ओवीचा. एकाच संघाचे दोन प्रयोग. एकाने शब्द मागे घेतला, दुसऱ्याने शब्दात नवा अर्थ भरला. स्टीफन्सचे काव्य आजही मराठी काव्य म्हणून वाचले जाते, हे पाहता कोणती वाट वाङ्मयाला मानवली ते सांगावयास नको. पण जपानात चुकल्यावर सावध झालेल्यांना दोष देणेही न्यायाचे होणार नाही.

जपानातील जेझुइटांचा छापखानाही गोव्यावरून गेला. रोमहून परतणाऱ्या चार जपानी तरुणांपैकी मार्तिन्यो हारा याने १५८७ मध्ये गोव्यात लॅटिन भाषण केले आणि १५८८ मध्ये ते तेथेच छापले गेले. १५९० मध्ये यंत्र जपानात उतरले. त्यावर १५९२ मध्ये ‘हेइके मोनोगातारि’ ही युद्धकथा बोलभाषेत आणि रोमन लिपीत छापली गेली. तिच्या शीर्षकात ‘हेइके’चे पहिले अक्षर ‘फ’ आहे. वर्णमालेच्या तक्त्याने ओष्ठ्य घरात ठेवलेला तो ‘हा’ येथे पोर्तुगीज कानाने टिपलेला सापडतो. सहा शतकांपूर्वी मठात भिक्षूंनी दिलेली साक्ष आणि छापखान्यात पाद्र्यांनी दिलेली साक्ष जुळते, आणि या दोन साक्षीदारांना एकमेकांची वार्ताही नव्हती.

१६०३–०४ मध्ये नागासाकीत सुमारे ३२,००० शब्दांचा जपानी–पोर्तुगीज कोश निघाला आणि १६०४ ते १६०८ या काळात झुआंव रोद्रिगिश याचे व्याकरण छापले गेले. स्टीफन्सचे कोकणी व्याकरण त्याच्या मृत्यूनंतर, १६४० मध्ये, रायतूरला छापले गेले. दोहोंच्या मागे मानुएल आल्वारिशचे लॅटिन व्याकरण उभे आहे. लॅटिनच्या विभक्त्या दोन्ही भाषांवर चढविल्या गेल्या, पण अंगाला बसल्या त्या सारख्या नव्हेत. मराठी-कोकणीला स्वतःच्याच विभक्त्या होत्या. जपानीतील ‘वा’ हा निपात मात्र कोणत्याच विभक्तीत मावेना, कारण तो कर्ता किंवा कर्म दाखवीत नाही. कशाविषयी बोलले जात आहे, तेवढेच सांगतो. मराठीत ‘मी तर जेवलो’ यातील ‘तर’ त्याच्या जवळपास येतो. रोद्रिगिशला असा आधार नव्हता. तरीही त्याने बोलभाषा आणि लेखनभाषा, आदरार्थी रूपे, प्रांतिक भेद यांची जी नोंद केली, ती पाहता त्याचा कान त्याच्या चौकटीहून मोठा होता असेच म्हणावे लागेल. १६१४ मध्ये पाद्र्यांना जपानातून हाकलले, १६३९ मध्ये पोर्तुगीज जहाजांना बंदी झाली आणि ही विद्या खंडित झाली. गोव्यात १६८४ मध्ये पोर्तुगीज सत्तेने स्वतःच फर्मान काढून लोकभाषा तीन वर्षांत टाकून देण्यास सांगितले. एके ठिकाणी देशी सत्तेने विदेशी विद्या संपविली, दुसरीकडे विदेशी सत्तेनेच. मागे राहिले ते थोडे शब्द. मराठीतला पाव आणि जपानीतला ‘पान’ ही सख्खी भावंडे आहेत.

पुढची कथा परिचयाची आहे, म्हणून ती थोडक्यात पुरे. मोल्सवर्थचा मराठी कोश १८३१ चा, हेपबर्नचा जपानी कोश १८६७ चा. मोल्सवर्थने शब्द मुळाक्षरांच्या क्रमाने लावले. हेपबर्नने ते रोमन वर्णक्रमाने लावले. १८८६ च्या तिसऱ्या आवृत्तीपासून त्याचीच रोमन लेखनपद्धती जगभर रूढ झाली, आणि भारतात पाठ्यपुस्तके आली तीही तीच घेऊन. खुद्द जपानात मात्र ओत्सुकि फुमिहिकोने आपला ‘गेन्काइ’ हा कोश (१८८९–९१) पन्नास ध्वनींच्या क्रमाने रचला होता. पुण्यात आज रानडे इन्स्टिट्यूट आणि टिळक महाराष्ट्र विद्यापीठ यांपासून खासगी वर्गांपर्यंत जपानीचे अध्यापन चालते. या शहरातील विद्यार्थी रोमन अक्षरांतून ‘शि’, ‘चि’, ‘त्सु’ हे अपवाद म्हणून घोकतात. मराठी जिभेला ते अपवाद नाहीत. पैसा या शब्दाचे सामान्यरूप पैशाला होते, ससा बदलून सशाला होते. तालव्य स्वराच्या वा ‘य’काराच्या सान्निध्यात ‘स’चा ‘श’ होणे हे मराठीच्या रक्तातच आहे, आणि जपानी ‘सा, शि, सु, से, सो’ या ओळीत तेच घडले आहे. ‘चि’ तालव्य आणि ‘त्सु’ दंत्य हा भेद ‘चिमणी’ आणि ‘चूल’ म्हणणाऱ्याला शिकवावा लागू नये. हिंदीभाषकाला दंत्य ‘च’ नाही. झाशीच्या मराठी घरातले मूल या एका बाबतीत शेजाऱ्याच्या पुढे आहे.

वाक्यरचनेत ही जवळीक आणखी खोल जाते. क्रियापद शेवटी, शब्दयोगी अव्यये नामाच्या मागून, हे तर आहेच. पण ‘ताबेते मिरु’ म्हणजे शब्दशः ‘खाऊन पाहणे’, आणि अर्थही तोच, प्रयत्न करून बघणे. ‘शिते ओकु’ म्हणजे ‘करून ठेवणे’. इंग्रजीतून शिकणाऱ्याला येथे स्वतंत्र धडा लागतो. मराठी विद्यार्थ्याला फक्त शब्द बदलावे लागतात. कॉलिन मॅसिका यांनी १९७६ मध्ये भारतीय भाषांचे साधर्म्य आशियात कोठवर पसरले आहे याचा नकाशा काढला, तेव्हा तो जपानपर्यंत गेला. ताचिकावा येथील राष्ट्रीय जपानी भाषा संस्थेत प्रशांत परदेशी यांनी मराठी आणि जपानी क्रियापदांची तुलना शास्त्रीय पातळीवर नेली आहे. एक सावधगिरी मात्र हवी. साम्य म्हणजे नाते नव्हे. ओनो सुसुमु यांनी जपानीचा संबंध तमिळशी जोडण्यात मोठे पांडित्य खर्चिले, परंतु भाषाशास्त्रज्ञांनी तो सामान्यतः मान्य केला नाही.

वाङ्मयात या आडवाटेची किंमत कोठे मोजावी लागली, ते हायकूत दिसते. शिरीष पै (१९२९–२०१७) यांनी हा प्रकार मराठीत रुजविला. तीन ओळी, त्यांतल्या बहुधा दोन ओळींना यमक आणि एक निसटता क्षण असे जे रूप त्यांनी सिद्ध केले, ते त्यांचे स्वतःचे आहे, आणि त्याची योग्यता मूळाशी ताडून ठरविणे हा अन्याय होईल. परंतु हायकूची व्याख्या म्हणून जी ‘पाच, सात, पाच अक्षरे’ मराठीत सांगितली जातात, ती इंग्रजीच्या वाटेने आलेली चूक आहे. जपानी कान अक्षर मोजीत नाही, मात्रा मोजतो. ‘तोक्यो’ यात दोन्ही ओकार दीर्घ, म्हणून चार. ‘निप्पोन’ यात नि, प्, पो, न् असे चार. मराठी छंदःशास्त्राने लघुगुरू लावले तरी उत्तर चारच येते. सर्वत्र असे जमणार नाही, कारण जपानीत ऱ्हस्व ए आणि ओ आहेत, आणि मराठी ते गुरूच धरते. तरीही मोजण्याचे एकक तेच आहे. सतरा मात्रा म्हणजे पादाकुलकाच्या एका चरणाहून केवळ एक मात्रा अधिक. एवढ्या तोकड्या जागेत मूळ हायकू उभा असतो, हे ध्यानात आले म्हणजे सतरा अक्षरांचे मराठी भाषांतर मूळापेक्षा किती ऐसपैस होते ते कळते. भाषांतरकाराने शब्द कमी करावेत की मात्रा, हा प्रश्न त्यानंतरच नीट विचारता येतो. आणि जपानी पुस्तकात हायकूच्या तीन ओळी सहसा नसतातच. तो एकाच उभ्या ओळीत छापलेला असतो, वरून खाली, अंजिरोने गोव्यात सांगितले होते तसा.